सव्वीस मिनिटं

पाच तासांचं होतं ते.
संकेश्वरच्या पेठेत मांडव पडला की
लोक जेवूनखाऊन यायचे, आणि रत्नव्वा मरायची
ती पार पहाटे, दूधवाल्याच्या थोडी आधी.
चॅनेलनं मला दिली सव्वीस मिनिटं,
त्यातही मधे दोनदा पाइपांची जाहिरात.

हुक्केरीची शेवंतव्वा, वय एकाहत्तर,
बावीस वर्षं रत्नव्वा झालेली,
माझं बाड मांडीवर घेऊन बसली. वाचता येत नव्हतं तिला,
वजन बघत होती.
"एवढंच?" म्हणाली.
"नुसतं मरायलाच मला चाळीस मिनटं लागायची की रे."

गोष्ट साधी. हिरण्यकेशीच्या उतारावर
दिवा राखणारी बाई. बारा वर्षांनी परतलेला नवरा,
दाढी, जखमा, परक्या फौजेचा अंगरखा.
हेर समजून तीच त्याला धरून देते.
सुळाकडे जाताना तो गुणगुणतो
त्यांच्या हळदीच्या गाण्यातली एक ओळ,
आणि आवाजावरून ती ओळखते. उशिरा.
सगळं नाटक त्या ओळीवर टांगलेलं,
खिळ्यावर कंदील टांगावा तसं.

आणि करारात कलम सात: गाणी नकोत.

मग मी काय काय केलं ते सांगतो, लाज सोडून.
त्याच्या बोटात अंगठी घातली. काढली.
पाठीवर तीळ दिला. तोही काढला,
तीळ दिसायला पाठ उघडी हवी, नि शूटिंग डिसेंबरात.
निपाणीच्या लॉजवर रात्रभर
तंबाखूच्या वासानं शिंकत
माणूस ओळखायच्या अठरा तऱ्हा लिहिल्या.
सगळ्यांत डोळे होते. कान एकातही नव्हता.

भाषेचंही तेच. मूळ नाटकात
राजा कन्नडात रागवायचा,
शिपाई मराठीत "जी" म्हणायचे,
आणि रडताना कोण कशात रडतंय
हे मांडवात कुणी कधी विचारलं नव्हतं.
चॅनेलनं विचारलं.
फॉर्मवर चौकोन एकच होता.

शूटिंगला शेवंतव्वा आली, न बोलावता,
नातवाच्या मोटारसायकलवर, मांडीत पेटी धरून.
नवी रत्नव्वा पुण्याची, मन लावून करणारी पोरगी,
घाटावर धावायची, वळायची, किंचाळायची.
"मरूलालीस काय बस चुकलीय ग तुझी?"
शेवंतव्वानं विचारलं. पोरगी हसली, मग रडली,
मग पायरीवर तिच्याजवळ येऊन बसली.

पाचव्या टेकला म्हातारीनं पेटी उघडली.
मी कलम सात आठवून हात वर केला,
पण पट्टीवर तिनं बोट ठेवलंच नाही.
नुसता भाता हलवला.
वारा. आत, बाहेर,
जुन्या चामड्याची बारीक करकर.
सुळाकडे निघालेल्या माणसाच्या ओठांवर
गाणं यायच्या आधीचा श्वास.
इम्तियाजनं हेडफोन कानावर दाबून धरले
आणि माझ्याकडे न बघता मान हलवली: राहू दे.
पोरगी धावली नाही.
सावकाश वळली,
अंधारात ओळखीचं कुणी पायरी चढत असावं तशी.

प्रसारण रात्री साडेअकराला.
मी मुद्दाम हुक्केरीला गेलो. खोलीत अकरा माणसं,
एक झोपलेलं पोर, टीव्हीवरचा रुमाल बाजूला केलेला.
भात्याचा श्वास आला,
आणि नेमके त्याच्यावरच पाइप आले,
निळे, कधी न गळणारे.
नातवानं शिवी दिली. मी जमिनीकडे बघत राहिलो.

शेवंतव्वा मात्र पदर सारखा करत म्हणाली,
"आमच्या वेळीबी इथंच थांबायचं रे.
पेट्रोमॅक्स मंद व्हायचा बरोबर ह्याच जागी.
मारुती जाऊन हवा मारायचा,
आन मी सुळापाशी तशीच उभी, हात वर.
कोण उठून जात नव्हतं."

कोण उठलं नाही.